पडद्यावरची वेडी आणि बांधीतली पात

तुमच्या गावात वेड्या माणसाने केलेला एक तरी खून तुम्हाला आठवतो का? घाई नाही, नीट आठवा. मी हा प्रश्न बऱ्याच लोकांना विचारला आहे. समोरचा माणूस आधी छताकडे पाहतो, मग म्हणतो, "आपल्याकडे नाही, पण दुसरीकडे होत असतील." शहाण्यांनी केलेले खून विचारले असते तर कोणाला छताकडे पाहावं लागलं नसतं. आमच्याच पट्ट्यात धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या, दोन हात जमिनीसाठी सख्ख्या भावावर कुऱ्हाड उचलणारा माणूस पूर्ण शहाणा होता. बायकोला विहिरीत ढकलून 'पाय घसरला' असं पंचांकडून वदवून घेणारा तर इतका शहाणा होता की वर्षाच्या आत त्याचं दुसरं लग्न झालं आणि पंच त्या लग्नात जेवून आले.

पण भुताखेतांचे सिनेमे काढणाऱ्यांना विचाराल तर खून हा वेड्यांचा पिढीजात धंदा आहे. डोकं फिरलं की माणसाच्या हातात आपोआप हत्यार येतं, बाईचे केस आपोआप मोकळे होतात आणि कुठूनतरी पैंजण वाजायला लागतात. राग बरोबरीच्या माणसाचा येतो. या लोकांची मला शिसारी येते, आणि त्याचं कारण माझ्या घरात आहे.

आमचं गाव लाखांदूरपासून एसटीने अर्ध्या तासावर. चारी बाजूंनी धानाच्या बांध्या, बांध घातलेली भाताची वावरं. बाबा विडी वळत आणि विडी कामगारांच्या संघटनेचं काम करत, त्यामुळे घरात देवांच्या तसबिरींपेक्षा पत्रकं जास्त होती. मोर्च्याची, दारूबंदीची, बुवाबाजीविरुद्धची. गुलाबी, पिवळ्या, बोट लावलं तर फाटणाऱ्या कागदावरची. मी अक्षरं जोडायला शिकले ती त्यांच्यावरच. शाळेच्या पुस्तकात कमळ आणि बगळा होता, घरी 'बंधूंनो आणि भगिनींनो, किती दिवस सहन करणार?' होतं. लिहिताना माझा सूर चढतो अशी तक्रार लोक करतात. त्यांनी ती खुशाल करावी.

बाबांचा धाकटा भाऊ, म्हणजे काका, त्याच घरात राहत होता. चुली दोन, अंगण एक. मी सातवीत असताना काकीला दुसरी मुलगी झाली आणि बाळंतपणानंतर तिची झोप उडाली. घरात पाणी शिरतंय असं तिला वाटायला लागलं. ओसरीवजा छपरीत उकिडवी बसून ती गंजाच्या भांड्याने पाणी उपसायची आणि दारातून बाहेर फेकायची. गंज कोरडा, जमीन कोरडी, पण तिच्या कपाळावर घाम. तान्ह्या मुलीला उचलून धान साठवायच्या ढोलीवर ठेवायची, पोर भिजू नये म्हणून. एवढंच तिचं वेड. वैनगंगेवर मोठं धरण होणार आणि वरच्या अंगाची गावं पाण्यात जाणार, अशी चर्चा त्याच काळात ऐकू येई. घरात पाणी येणार असं साहेब म्हणाला तर ती योजना होते. काकी म्हणाली तर काकाने मांत्रिकाला बोलावलं.

तिने कोणाला नख लावलं नाही. मांत्रिकाने तिला मिरचीची धुरी दिली, केस धरून आपटलं, आणि गावाने गोल करून ते पाहिलं. तिच्या पाठीवर उमटलेले वळ शहाण्या माणसाच्या हातचे होते. शेवटी बाबांनी भावाशी भांडण करून तिला नागपूरच्या वेड्यांच्या इस्पितळात नेलं. काही महिन्यांनी ती परत आली, डोक्यावर बोटभर वाढलेले केस आणि पिशवीत गोळ्यांच्या पुड्या घेऊन. गोळ्या रोज घ्यायच्या होत्या आणि ती रोज घेत होती. पाणी ओसरलं. मुलीला तिने ढोलीवरून कायमचं खाली घेतलं.

आता पातीबद्दल सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. धान कापणाऱ्या बाया बांधीत एका रांगेत उतरतात. प्रत्येकीच्या वाट्याला दोन-अडीच हात रुंदीचा पट्टा येतो, तो कापत ती पुढे सरकते. त्या पट्ट्याला पात म्हणतात. टोळीतली सगळ्यात चपळ बाई धुऱ्याकडची पहिली पात धरते आणि बाकीच्या तिच्या हाताच्या वेगाने चालतात. पहिल्या पातीच्या बाईला गावात मान असतो. तिचा शब्द मजुरी ठरवताना ऐकतात, तिला लग्नाच्या घरी आधी बोलावतात. काकी आजारी पडण्याआधी पहिल्या पातीवर होती. इस्पितळातून आल्यावर तिला मुलींच्या बरोबर शेवटी बसवलं. तिथून रांगेच्या मध्यावर आणि मध्यावरून परत पहिल्या पातीवर यायला तिला कित्येक हंगाम लागले. ती पहिल्या पातीवर आली तेव्हा कुठे काकाने पागल बायको माहेरी धाडून दुसरी करायची भाषा बंद केली. ती पात गेली की घर जाणार, हे काकीला माहीत होतं. मला माहीत होतं. काकालाही माहीत होतं.

तेव्हा मी भंडाऱ्याच्या कॉलेजात शिकत होते. दिवाळीच्या सुट्टीत घरी आले की काकीबरोबर टोळीत कापायला जायची आणि शेवटच्या पातीवर बोटं कापून घ्यायची. दिवाळी झाली की आमच्या भागात गावोगाव मंडई भरते. प्रत्येक गावाचा दिवस ठरलेला. लेकी माहेरी येतात, पाहुणे येतात, मिठाईची दुकानं लागतात, दंडार नावाचं लोकनाट्य होतं, आणि पोरापोरींची लग्नंही त्या गर्दीत जुळतात. त्या वर्षी आमच्या मंडई कमिटीला सुधारणेचा झटका आला. दंडार जुनी झाली, म्हणे. भंडाऱ्याहून रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने आणला, शाळेच्या मोठ्या खोलीच्या खिडक्यांना घोंगड्या बांधल्या, जनरेटर लावला आणि भरदुपारी अंधार केला. कॅसेट निवडली ती शाळेच्या गुरुजींनी, कारण कमिटीत वाचता-लिहिता येणारे म्हणून त्यांचाच दबदबा. व्हीसीआरवाल्याने त्यांना सांगितलं होतं, याच्यात बाया किंचाळतात. गुरुजींना तेवढी शिफारस पुरली.

सिनेमा असा होता. एका टेकडीवर बंगला. जमीनदाराच्या मुलीला प्रियकर फसवतो, ती एका गाण्यापुरती रडते आणि गाणं संपताच वेडी होते. तिला पागलखान्यात टाकतात. तिथे एक माणूस बादली वाजवतो, एक भुंकतो, एक स्वतःला राजा म्हणवतो. खोलीतल्या लोकांनी हसावं म्हणून त्यांना ठेवलेलं. चष्मेवाला डॉक्टर स्वतःच खदाखदा हसत लाल-हिरव्या दिव्यांचं यंत्र चालवतो, ठिणग्या उडतात. मग ती गज तोडून पळते, पांढरं पातळ नेसते, हसिया, आपला विळा, मिळवते आणि एकेकाला कापत सुटते. मध्यंतरापर्यंत ती वेडी होती, नंतर कधीतरी मरून भूत झाली, तरी हसणं तेच, पातळ तेच, हसियाही तोच. आजारी बाई आणि हडळ यांच्यात काही फरक असतो, हे त्या कथा लिहिणाऱ्याला शेवटपर्यंत समजलं नव्हतं. त्याला समजायचं कारणही नव्हतं. आमच्या मांत्रिकालाही समजलं नव्हतं, आणि त्याने निदान कॅमेरा तरी वापरला नव्हता.

काकी माझ्या शेजारी सतरंजीवर बसली होती. तिच्या पलीकडे टोळीच्या बाया. पागलखाना आला आणि काकी हसायला लागली.

"केस पाय वो हिचे," ती शेजारणीला म्हणाली. "पयल्याच दिशी कापतेत तिथं. उवा होतेत ना."

"चूप राय ना. आयकू दे."

"आन हा डाक्टर एकट्या पोरीच्या मांगं एवढा धावते? आमच्या वार्डात तं त्याचं दर्शन घ्याले नवस बोला लागे."

दोघी-तिघी हसल्या. एक म्हातारी म्हणाली, "इले इचारा गा, हे राहून आली." तेव्हा त्या खोलीत कोणालाच काकीची भीती नव्हती. आपण तिथे राहून आलो हे तिने सांगून टाकलं होतं आणि त्यात काही वावगं आहे असं तिला वाटलं नव्हतं, कारण तोवर गावानेही ते विसरल्यासारखं केलं होतं.

मग पडद्यावरच्या वेडीने हसिया काढला. पहिला माणूस कापला गेला तेव्हा बाया किंचाळल्या, गुरुजींचे पैसे वसूल झाले. दुसरा कापला गेला तेव्हा मी पाहिलं, काकीच्या पलीकडची बाई पडद्याकडे पाहता पाहता सतरंजीवर एक हात सरकून बसली. मग तिच्या पलीकडची. कोणी उठलं नाही. सिनेमा संपला तेव्हा काकीच्या त्या बाजूला एक माणूस आडवा झोपेल एवढी सतरंजी मोकळी होती.

घरी येताना मी विचारलं, "काकी, भेव नाई वाटला?"

"कायचा? ते पागल होती कुठं?" काकी म्हणाली. "तिले सारं ठाऊक होतं. कोनाले मारायचं, तो कोन्या खोलीत झोपला, दरवाजा कुठून हाय. मले तं तेव्हा माह्या पोरीचं नाव आठवे नाई."

सिनेमावर लिहिणाऱ्या शहरी लोकांचं मी पुढे कॉलेजात बरंच वाचलं. छायाचित्रण, पार्श्वसंगीत, धक्कातंत्र. काकीच्या त्या एका वाक्याएवढं कामाचं त्यात काही सापडलं नाही. वेड म्हणजे बेत आखायची ताकद जाणं. सिनेमातली वेडी बँकेच्या मॅनेजरसारखी शिस्तीने काम करते. तिला औषध नको, झोप नको, भूक नाही, मूल नाही. तिला फक्त यादी आहे. हे वेड नाहीच. शहाण्या माणसांच्या मनातला सगळा हिशेबी खुनशीपणा गोळा करून ज्याच्या अंगी तो अजिबात नाही त्याच्या डोक्यावर थापायचा, आणि वर तिकीट लावायचं. याला हे लोक कला म्हणतात.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही बांधीवर गेलो. धान पिवळं झालं होतं. टोळीची म्होरकी एक पन्नाशीची विधवा बाई होती, तिला सगळ्या मोठी माय म्हणत. कोणती पात कोणाला, हे तीच ठरवायची. काकी सवयीने धुऱ्याकडे गेली, तर मोठी माय मध्ये उभी राहिली.

"तू आज इळा नोको घेऊ. मांगून पेंढ्या बांध."

"काहून?"

"असंच. हात दुखत असन तुहा."

"नाई दुखत."

"मंग लेकरांइकडे पाय. पानी आन सगळ्यायले."

काकीने विळा कमरेला खोचलेलाच ठेवला. "मोठी माय, काय झालं ते सांग ना सरळ."

एक नवी सून पुढे आली. पोरगी वाईट नव्हती, फक्त तिला गप्प बसता येत नव्हतं. "राग नोको मानू मावशी. काल पाह्यलं ना, ते सिनेमातली. तिच्या बी डोक्याचं असंच होतं."

"ते माही कोन लागते?" काकी म्हणाली. "सोयरीक हाय का तिची-माही?"

कोणी हसलं नाही. मोठी माय दुसरीकडे पाहत म्हणाली, "आमाले माहीत हाय तू तशी नाई. पन बायायचा हात थरथरते. तुह्याजवळ बसून कोन कापन?" एवढं बोलून तिने पहिली पात दुसऱ्या बाईला दिली. काकीने त्या दिवशी पेंढ्या बांधल्या. पाणी मात्र आणलं नाही. ते मी आणलं.

याच बायांनी तिच्याबरोबर त्या पावसाळ्यात धानाच्या लावणीचा रोवणा केला होता. आदल्याच आठवड्यात तिच्या हातात विळा होता आणि तिच्या कोपराला कोपर लावून या कापत होत्या. इतक्या हंगामांत तिच्या विळ्याने फक्त धान कापलं होतं आणि एकदा तिचंच बोट. हे सगळं त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं. पण एका दुपारी, घोंगड्यांच्या अंधारात, पगार घेऊन किंचाळणाऱ्या एका नटीने दाखवलेलं त्यांना जास्त खरं वाटलं. मी त्या बायांना अडाणी म्हणणार नाही. तो शब्द गुरुजींचा आहे, आणि त्याचं पुढे सांगते.

त्या संध्याकाळी काकाने घरातली पावशी, म्हणजे विळी, आणि काकीचा विळा दोन्ही उचलून वर छपराच्या आड्यावर ठेवले. भाजी चिरायची वेळ होती. काकी वांगी हातात धरून बसली होती.

"कायनं चिरू?" तिने विचारलं.

"भावजय चिरून देईन."

"तुमाले वाटते का, मी चिरीन कोनाले?"

"मले काई वाटत नाई. लोकं म्हणतेत."

मंडईला आलेला एक पाहुणा तेव्हा आमच्या अंगणातल्या खाटेवर बसला होता. पलीकडच्या गावचा, घरी लग्नाची बहीण असलेला. त्याने ते ऐकलं आणि काकाला म्हणाला, "तुमच्यासारख्या माणसाचं कठीणच हाय म्हना." त्याचा आवाज इतका गोड होता की मला कळून चुकलं, हा चहासाठी थांबलेला नाही. बाबा त्या दिवशी कामासाठी भंडाऱ्याला गेलेले. आई आतून वांगी घ्यायला आली आणि पाहुण्याकडे पाहून म्हणाली, "तुमची एसटी निघून जाईन, भाऊ." पाहुणा गेला, पण बोललेलं तिथेच राहिलं.

मी काय करणार होते? मी जे करायला शिकले होते तेच केलं. कार्बन लावून पत्रक लिहिलं. 'मंडई कमिटीस जाहीर सवाल' असा मथळा. आजारी माणसाला राक्षस करून दाखवणारी कॅसेट गावाच्या पैशाने का आणली, शाळेच्या खोलीत का लावली, आणि तिच्यामुळे एका कष्टकरी बाईची पात गेली तर ती भरून कोण देणार, असे प्रश्न. एक प्रत शाळेच्या दारावर, एक पानठेल्यावर, एक कमिटीच्या अध्यक्षाच्या हातात. पानठेल्यावर गुरुजी भेटले. त्यांनी माझं पत्रक पूर्ण वाचलं होतं, हे कबूल करायला हवं.

"अगं, सिनेमा सिनेमासारखा पाहायचा असतो," ते म्हणाले. "करमणूक असते ती."

"मग टोळीनं कसा पाह्यला, सर?"

"अडाणी बाया आहेत त्या. त्यांना पडदा आणि प्रत्यक्ष यातला फरक कळत नाही."

"तुम्हाला कळतो?"

"म्हणजे काय."

"तर मग सांगा ना त्यांना. कॅसेट तुम्हीच आणली. त्यांच्यासमोर एकदा म्हणा की असं नसतं."

गुरुजींनी सुपारी कातरायला घेतली. मग त्यांना माझ्याबद्दल खरोखर आपुलकी वाटली असावी, कारण ते म्हणाले, "भाषा मात्र तुझी छान आहे. तालुक्याच्या वक्तृत्व स्पर्धेत हाच विषय घे."

शिकलेल्या माणसाची ही जात मी पुढे सगळीकडे पाहिली. पडद्यावरचं खोटं आहे हे त्याला माहीत असतं आणि त्या माहितीचं त्याला कौतुक असतं. त्या खोट्याने एका बाईच्या हातातला विळा काढून घेतला तर तो बघतो आणि सुपारी कातरतो. अडाणी घाबरतो तरी. हा घाबरतही नाही आणि हलतही नाही.

मग आभाळ आलं. कार्तिकात असं कधीतरी होतं. सकाळपासून पूर्वेकडे काळं दिसत होतं आणि गावाशेजारच्या मोठ्या बांधीत अर्धं धान उभं होतं. पाऊस आला असता तर उभं धान लोळलं असतं, कापलेलं सडलं असतं. मंडईचे पाहुणे परतले होते, लेकी सासरी गेल्या होत्या, हात कमी पडत होते. मोठी माय आमच्या दारात आली आणि छपरीत न चढता अंगणातूनच बोलली.

"चाल वो. आभाळ आलं."

काकी ज्वारी निवडत होती. "पानी आनाले?"

"नाटकं नोको करू. इळा घे."

"इळा आड्यावर हाय. म्या नाई ठेवला. ज्यानं ठेवला त्याले सांग काढाले."

मोठी मायने काकाकडे पाहिलं. काका खाटेवर बसला होता. गावची म्होरकी स्वतः दारात उभी राहून मागते आहे म्हटल्यावर त्याला उठावंच लागलं. तो पाटावर चढला आणि विळा काढून त्याने तो मोठी मायच्या हातात दिला. बायकोच्या हातात द्यायची त्याची अजून छाती होत नव्हती. मोठी मायने तो काकीपुढे धरला.

"पात कोनती?" काकीने विचारलं.

"धर ना कोनती बी. पानी येऊन राहिलं."

"पयली असन तं येईन."

मोठी मायने आभाळाकडे पाहिलं आणि म्हणाली, "पयली."

वेडाची भीती किती खोल असते, ते मला त्या दिवशी दिसलं. एका ढगाएवढी. मजूर भरपूर होते तोवर काकी हडळ होती. धान भिजायची वेळ आली आणि दुपारच्या आत ती बरी झाली. कुठलाच डॉक्टर इतक्या लवकर बरं करत नाही.

आम्ही बांधीत उतरलो. काकी धुऱ्याकडे, तिच्या शेजारी ती नवी सून, मग बाकीच्या, आणि मी टोकाला. काकी अशी कापत होती की मला दुरून फक्त तिची पाठ पुढे सरकताना दिसे. कोणी गाणं म्हटलं नाही. दुपार कलली तेव्हा आम्ही पलीकडच्या धुऱ्यावर पोचलो, उठून कंबर सरळ केली आणि मागे वळून पाहिलं.

सगळी बांधी कापून आडवी पडली होती. फक्त एका बाजूला, काकीची पात आणि सुनेची पात यांच्या मध्ये, या धुऱ्यापासून त्या धुऱ्यापर्यंत धानाचा एक पट्टा उभा होता. हातभर रुंद. सून कापताना अंग चोरून बसली होती, आणि काकीने आपल्या पातीबाहेर विळा घातला नव्हता. मधलं कोणाचंच नव्हतं.

बांधीचा मालक धुऱ्यावरून ओरडला, "हे कायले ठेवलं उभं? बिजाईले ठेवलं का वो?"

सुनेचं तोंड लाल झालं. काकी तो पट्टा बराच वेळ पाहत राहिली. मी तिच्याकडे पाहत होते. मला वाटलं ती रडेल, किंवा मुकाट्याने मागे जाऊन ते कापून टाकेल; आजारातून उठल्यापासून ती मुकाट्यानेच जास्त करत आली होती. तिने विळा धुऱ्यावर ठेवला आणि बसली.

"माही पात झाली," ती म्हणाली. "हे जिच्या भेवाचं हाय, तिनं कापावं."

"काकी, आभाळ पाय," मालक म्हणाला. त्याची भाषा एकदम मऊ झाली होती.

"पाह्यलं."

सून मोठी मायकडे पाहायला लागली. मोठी माय मालकाकडे. गडगडलं. मग मोठी मायने पदर खोचला, स्वतः त्या पट्ट्याच्या तोंडाशी जाऊन बसली आणि सुनेला म्हणाली, "ये वो इकडे. तूनं ठेवलं, आता तूच काप माह्यासंगं." दोघी मिळून तो पट्टा कापत परत गेल्या. काकी तोवर धुऱ्यावर बसून होती आणि बाकीच्या बायांनी पेंढ्या बांधल्या. पाऊस आलाच नाही. ढग सिरोंच्याकडे कुठेतरी निघून गेले.

काकीची पहिली पात राहिली. विळा आड्यावर गेला नाही, पलीकडच्या गावचा पाहुणा फिरकला नाही, आणि काकाने पुढच्या बाजारातून पावशीला नवीन धार लावून आणली, कोणी न सांगता. हा शेवट गोड आहे असं कोणी म्हणू नये. अजूनही काकीच्या शेजारच्या पातीला बसणारी बाई पहिले दोन दिवस हात आखडून कापते, आणि मध्ये बोटभर धान उभं राहतं. काकी ते कापत नाही. दर वर्षी कोणीतरी परत जाऊन ते कापतं, आणि दर वर्षी सगळ्या टोळीला ते उभं दिसतं. ज्या माणसांनी ते बोटभर धान तिथे उभं केलं त्यांना आमचं गाव माहीतसुद्धा नाही. ते पुढचा सिनेमा काढत आहेत. त्यातही एक पागल असेल, कारण पागल स्वस्त पडतो. त्याला कारण द्यावं लागत नाही, आणि तो कोर्टात जात नाही.

त्यांना मी काही सांगणार नाही, ते ऐकण्यातले नाहीत. मला तुमच्याशी काम आहे. तुमच्या गावची मंडई, जत्रा, गणपती, जे काही असेल, त्याची बैठक लवकरच बसेल आणि व्हीसीआर आणायचं ठरेल. त्या बैठकीला जा. कॅसेट ठरायच्या आधी उठून उभे राहा आणि विचारा, "याच्यात पागल बाई किंवा पागल माणूस लोकांना मारतो का?" मारत असेल तर म्हणा, "मग दुसरी आणा." हे पानठेल्यावर म्हणू नका. बैठकीत, सगळ्यांच्या देखत म्हणा, आणि कॅसेट बदलेपर्यंत खाली बसू नका.